दिवस पोचवणारी

त्या गावात आज कोणता दिवस म्हणून विचारलं तर उत्तरात आकडा यायचा नाही. ‘आज कुंभाराचा,’ असं उत्तर यायचं, किंवा ‘आज शिंपिणीच्या धाकट्या जावेचा.’ गावात जितकी घरं तितके वर्षाचे दिवस, आणि प्रत्येक घराच्या वाट्याला एक. वेशीजवळच्या न्हाव्यापासून वर्ष निघायचं, गल्लीबोळांतून एकेका दाराला शिवत नदीपर्यंत जायचं आणि पलीकडच्या रांगेनं परत वेशीला यायचं. झालं वर्ष. नव्या जोडप्यानं वेगळी चूल मांडली की वर्षात एक दिवस वाढे. भावाभावांनी भांडून मधे भिंत घातली तरी वाढे. म्हणून यंदाचं वर्ष जरा लांबलंय असं कुणी म्हटलं, की म्हातारी माणसं हळूच विचारत, "कुणाकडे वाजलं?"

थंडीवाऱ्याचं आणि या हिशेबाचं कधी जमलं नाही. एखाद्या वर्षी लोहाराच्या दिवशी हुडहुडी भरे, काही वर्षांनी त्याच लोहाराच्या दिवशी घामाच्या धारा लागत. शेतकरी पेरणीसाठी झाडांकडे बघत, आभाळाकडे बघत. दिवसांकडे बघून पेरायला ते काही खुळे नव्हते. दिवस होते ते माणसांसाठी.

आणि दिवस सुरू होई तो दार उघडल्यावर. ज्या घराचा दिवस, त्या घरातल्या माणसानं सकाळी आतून दार उघडलं की खरं उजाडलं. सूर्य काय, आपल्या वेळेला वर येतच असे, पण दार उघडेपर्यंत तो कालचाच सूर्य. एकदा फण्या करणारा असा काही घोरत पडला, की ऊन डोक्यावर आलं तरी दार उघडेना. सगळं गाव आपलं आदल्या दिवसातच बसून. शिंप्यानं ‘उद्या नक्की’ म्हणून सांगितलेले कपडे दिले नाहीत, आणि त्याला कुणाला बोलताही येईना, कारण उद्या उजाडलंच नव्हतं.

हा दिवस एका दारातून उचलून पुढच्या दारात पोचवायचं काम जिच्याकडे होतं, तिला लहानथोर सगळे उद्यामावशी म्हणत. तिचं खरं नाव काय ते तिलाही धड आठवत नसावं. पहाटे उठायची, कालच्या घरी जायची, तिथून दोरीनं बांधलेली लाकडी पेटी घ्यायची आणि आजच्या दारावर थाप मारायची.

आतून विचारायचं, "कोण?"

बाहेरून सांगायचं, "दिवस आलाय."

मग दार उघडे, पेटी आत जाई आणि उद्यामावशी मोकळी. एवढंच काम. पण हे काम तिनं एक दिवस चुकवलं नाही. तापानं फणफणली असताना नाही, नदी गल्लीत शिरली तेव्हाही नाही. त्या वेळी पेटी डोक्यावर घेऊन ती कमरेएवढ्या पाण्यातून गेली आणि तांबटाच्या खिडकीवर थाप मारली, कारण दार पाण्याखाली होतं. खिडकीला दार म्हणायचं की नाही यावर पंचांनी पुढे बराच काथ्याकूट केला, पण तोवर तांबटाचा दिवस सुखरूप पार पडला होता.

तिची आई वाटेवरची बाई. व्यापाऱ्यांच्या तांड्याबरोबर आली, वेशीवरच्या खोलीत बाळंत झाली आणि त्यातच गेली. तांडा पुढे गेला, पोर मागे राहिली. त्या खोलीत तेव्हाचा दिवस पोचवणारा म्हातारा राहायचा. त्यानं तिला वाढवलं आणि पाय थकल्यावर पेटी तिच्या हातात दिली. खोली पण दिली. त्या खोलीला जिना होता, खिडकी होती, दार मात्र नव्हतं. पडदा होता. गावचा नियमच तसा होता, की दिवस पोचवणाऱ्याला स्वतःचं दार नको. दार आलं की माणूस दारामागे झोपून राहतो, असं जुन्या लोकांचं म्हणणं. आणि दार नाही म्हणजे घर नाही, घर नाही म्हणजे दिवस नाही. सगळ्या गावाला वर्षातून एकदा आपला दिवस येई. जी तो सगळ्यांना नेऊन देई, तिलाच तेवढा नव्हता.

याचं तिला वाईट वाटे का? वाटे. पण तिला जास्त छळायची ती पेटी.

पेटीत काय आहे ते गावात सगळ्यांना ठाऊक होतं. ज्या घरी ती जाई, तिथं दोरी सोडून सगळे आत बघत, आणि दुसऱ्या दिवशी पहाटे ती पुन्हा बांधून मावशीच्या हाती देत. शेंबडी पोरंही बघत. मात्र ज्याला दिवस नाही त्याला आतलं दाखवायचं नाही आणि सांगायचंही नाही, हा दुसरा नियम. म्हणजे रोज पेटी वाहणारी एकटी उद्यामावशी तेवढी कोरी. उपाशी राहून दुसऱ्यांना वाढणारा असतो ना, तशी गत.

ती पेटीचे अंदाज बांधत चाले. कधी पेटी जड लागे, कधी हलकी. कधी आतून आल्याचा वास येई, कधी नव्या चामड्याचा, कधी कशाचाच नाही. एकदा चक्क काहीतरी गडगडत इकडून तिकडे गेलं आणि तिनं दिवसभर डोकं खाजवलं. पण या सगळ्यात एक आवाज मात्र कायमचा होता. टक, टक. पाऊल पडलं की टक. पहिलं वर्ष सरता सरता कधीतरी तो सुरू झाला आणि मग थांबलाच नाही. पेटीचा तळ सुटला असेल म्हणून ती सुताराकडे गेली. सुतारानं पेटी कानाशी धरून हलवली, चारही बाजूंनी टकटक करून पाहिली आणि अगदी गंभीर चेहऱ्यानं सांगितलं, "मावशी, जुनं लाकूड आहे. बोलणारच." मागे त्याची बायको पदर तोंडाला लावून खोकत का होती, ते मावशीला समजलं नाही.

दोरीची गाठ साधीच होती. वाटेत कुठंही बसून सोडली असती तर कुणाच्या बापाला कळलं नसतं. एकदा विहिरीच्या कठड्यावर बसून तिनं गाठीला हात लावलाही होता. मग तिच्या मनात आलं, की आता बघितलं तर उद्यापासून चालताना विचार कसला करायचा? ती उठली आणि चालू लागली.

गावात माणूस ज्या घराच्या दिवशी जन्मे, ते त्याचं जन्मघर. वर्षातून त्या दिवशी तिथं जायचं, त्यांच्या माठातलं पाणी प्यायचं, घरच्या थोरानं डोक्यावर हात ठेवायचा. मास्तरांच्या नाती जुळ्या, पण एक दार उघडायच्या आधी झाली आणि दुसरी नंतर, म्हणून एकीचं जन्मघर साबणवालीकडे आणि दुसरीचं शेजारच्या धारकाकांकडे. थोरली अजून तोरा मिरवायची, "मी तुझ्यापेक्षा एका घरानं मोठी!"

उद्यामावशी जन्मली तीही धारकाकांच्याच दिवशी. त्यामुळे तिला स्वतःचा दिवस नसला तरी जायला एक दार होतं.

धारकाका सुऱ्या-कात्र्यांना धार लावत. चाकावर हात चाले आणि आल्यागेल्यावर जीभ. बायको लवकर गेली, मूलबाळ नाही. उद्यामावशी पेटी घेऊन पहिल्यांदा त्यांच्या दारी गेली तेव्हा कोवळी पोर होती आणि डोक्याला नवाकोरा पिवळा रुमाल बांधलेला होता. दार उघडलं, ती पुढे झाली आणि दाराच्या लोखंडी कडीत अडकून रुमाल टरकन फाटला.

"मेली तुमची कडी!" ती रडकुंडीला येऊन म्हणाली.

"कडीला कशाला शिव्या?" धारकाका हसत म्हणाले. "तुला दाराची सवय नाही गं, म्हणून अडकलीस."

हे त्यांनी थट्टेतच म्हटलं. पण तिचा चेहरा एवढासा झाला आणि तो त्यांनी पाहिला. मग ते पेटी घेऊन आत गेले, आणि ती रुमालाचा उरलेला तुकडा बांधून घरी, म्हणजे पडद्यामागे.

दुसऱ्या दिवशी पहाटे पेटी घ्यायला गेली तर दाराला कडी नव्हती. कडीच्या जागी दोन भोकं, आणि त्यांतून ओवलेली सुतळी. आपल्याच तळतळाटामुळे म्हाताऱ्यानं कडी काढली, या विचारानं ती ओशाळली. पण दर वर्षी चिडवायची संधी काही सोडली नाही.

"काका, अख्ख्या गावाचं लोखंड तुमच्या हाताखालून जातं आणि तुमच्या दाराला सुतळी?"

"दिव्याखाली अंधार असायचाच."

"आणि चोर आला तर?"

"आला तर सुतळी कापायला सुरी लागेल त्याला. ती बोथट निघेल. मग धार लावायला माझ्याकडेच येईल की!" आणि मग तेही सोडत नसत. "पेटीत काय आहे, कळलं का यंदा?"

"नाही."

"तर मग तुझी अक्कल ठेवून जा इथं. लावून देतो धार."

ती पाणी पिई, ते डोक्यावर हात ठेवत. हात ठेवताना मात्र काही बोलत नसत.

असं होता होता तिचेही केस पांढरे झाले. आणि एका वर्षी पिंजाऱ्याच्या दिवशी, चाकापाशी बसल्या बसल्याच, धारकाका गेले. त्या वर्षी त्यांचा दिवस अजून यायचा होता.

चार दिवस गेल्यावर पंच बसले. पंचांतले थोर म्हणजे मास्तर. त्यांनी नियम सांगितला, तो सगळ्यांना माहीत होताच. ज्याला दिवस नाही अशा कुणी आदल्या संध्याकाळी त्या घरात चूल पेटवली, तिथंच झोपला आणि सकाळी पेटी दारात आल्यावर आतून दार उघडलं, तर ते घर त्याचं आणि दिवस टिकला. उन्हं उंबऱ्याला लागेपर्यंत वाट बघायची. तोवर दार उघडलं नाही तर दिवस पुसायचा, आणि साबणवालीकडची पेटी सरळ पलीकडे काचवाल्याकडे न्यायची.

"आणि माझं जन्मघर?" मास्तरांची धाकटी नात मागून म्हणाली.

उद्यामावशीचंही तेच जन्मघर. वर्षात तिची म्हणावी अशी एकच सकाळ होती. ती गेली तर तिच्यासाठी सगळे दिवस परक्यांचेच उरणार होते.

दिवस नसलेलं माणूस गावात कोण? सगळ्यांच्या माना एकाच वेळी तिच्याकडे वळल्या.

"तिला कसं चालेल?" मास्तर म्हणाले. "दिवस पोचवणाऱ्याला दार नको. आणि समजा चाललं, तर ती आत बसल्यावर बाहेरून पेटी कोण आणणार? एक माणूस दाराच्या दोन्ही बाजूंना कसं असेल?"

काचवाला म्हणाला, "मग येऊ दे पेटी सरळ माझ्याकडे. माझी काही हरकत नाही."

"माझी आहे!" साबणवाली कडाडली.

ही साबणवाली म्हणजे नग होता. हिच्या घरी पेटी घ्यायला जाणं हे उद्यामावशीच्या वर्षातलं सर्वांत अवघड काम. बाईला आपला दिवस सोडवत नसे. पेटी बांधतेच आहे, गाठ नीटच बसत नाहीये, जरा टेक ना, अशी चालढकल करत ती आपला दिवस तेवढाच लांबवायची. आणि काचवाल्याशी तर तिच्या घराचं आजेसासऱ्यांपासून वाकडं. साबणाच्या कढईच्या धुरानं काचा काळ्या पडतात, असं त्यांच्या आजोबांनी म्हटलं होतं. तेवढ्यावरून तीन पिढ्या बोलणं बंद.

"आमच्या माणसांनी यांच्या दारचं पाणी चाखलं नाही," ती हातवारे करत म्हणाली, "आणि आता दर वर्षी मी पेटीत यांच्यासाठी..."

मास्तरांना एकदम जोराचा खोकला आला. सुतारालाही आला. साबणवालीनं जीभ चावली.

"यांच्यासाठी काय?" उद्यामावशीनं कान टवकारून विचारलं.

"काही नाही. तू गप्प बस." मग साबणवालीनं कमरेवर हात ठेवले. "पेटी मी नेईन. माझ्या दारातून शेजारच्या दारात. चार पावलं तर आहेत."

"तुला दार आहे," मास्तर म्हणाले. "दार असलेल्यांचे पाय मागे वळतात."

"वळून जातील कुठे? मागे माझं घर, पुढे तिचं. दोन्हीकडे मीच ओरडणार!"

लोक हसले. पण मास्तर हसले नाहीत, कारण पहिली अडचण तशीच होती. एकदा दार मिळाल्यावर ही बाई रोज पहाटे उठेल कशावरून?

मग उद्यामावशी उभी राहिली. पंचांपुढे ती कधी बोलली नव्हती. "मास्तर, मला दार नव्हतं म्हणून मी उठत होते, असं वाटतं तुम्हाला?" ती म्हणाली. "मला उठायला आवडतं. कुणाचं दार उघडणार, आतून कसा आवाज येणार, काल भांडलेले आज हसतायत का, हे बघायला आवडतं मला. दार दिलंत म्हणून ते आवडायचं थांबेल होय? आणि एक दिवस जरी मला उशीर झाला, तरी घर काढून घ्या."

मास्तरांनी बराच वेळ दाढी कुरवाळली. धाकटी नात त्यांची बाही ओढत होती. "करून बघू," ते शेवटी म्हणाले. "पण साबणवालीबाई, उन्हं उंबऱ्याला लागायच्या आत. तुमची ती गाठीची नाटकं त्या दिवशी नकोत."

साबणवालीच्या दिवशी संध्याकाळी उद्यामावशीनं धारकाकांचं घर झाडलं, चूल पेटवली, भात शिजवून खाल्ला. चाक कोपऱ्यात होतं, त्यावर तिनं फडकं टाकलं. दार ओढून घेतलं आणि सुतळी बांधली. सुतळी बांधताना बोटं त्या दोन भोकांवरून फिरली, आणि आपण एके काळी म्हाताऱ्याच्या कडीला शिव्या दिल्या होत्या ते आठवून तिला एकटीलाच हसू आलं आणि मग रडूही आलं.

पहाटे ती सवयीनं उठली. उठली आणि करायला काहीच नाही! पाय नुसते शिवशिवत होते. दाराच्या आतल्या बाजूला बसून वाट बघायची, हे काम तिनं जन्मात केलं नव्हतं. गावाला इतकी वर्षं हे असं बसावं लागत होतं, याचा तिला पत्ताच नव्हता. आत बसलेल्याला बाहेरचं एकेक पाऊल ऐकू येतं. पाखरं बोलू लागली. मग माणसं. गल्लीत लोक जमत होते, कुजबुजत होते. मास्तरांची काठी वाजली. फक्त साबणवालीच्या दाराचा आवाज येत नव्हता.

दाराखालच्या फटीतून उजेड आत आला. आधी करडा, मग पिवळा. उन्हं समोरच्या भिंतीवरून उतरून गल्लीत आली असणार. गल्ली ओलांडायला त्यांना काही फार वेळ लागत नाही. पेटी आल्याशिवाय दार उघडता येत नव्हतं. उद्यामावशी उठली, बसली, पुन्हा उठली. त्या बाईची सवय काय आजची होती? गाठ बसत नसेल. दिवस सोडवत नसेल. तिनं कपाळ दाराला टेकवलं. आयुष्यभर लोकांच्या दारात वेळेवर पोचले, तिनं मनातल्या मनात म्हटलं, आणि माझ्या दारात यायला कुणाला वेळ होत नाही.

फटीजवळचा उजेड आणखी पिवळा झाला.

आणि दारावर थाप पडली. फार हळू, घाबरत घाबरत.

हा क्षण कसा असेल याचा उद्यामावशीनं आयुष्यभर विचार केला होता. तिनं दोन्ही हातांनी सुतळी धरून विचारलं, "कोण?"

"अगं, मी! म्हणजे... दिवस आलाय!"

तिनं सुतळी सोडली आणि दार उघडलं. साबणवाली घामाघूम होऊन उभी होती आणि पेटी तिनं तान्ह्या पोरासारखी छातीशी धरली होती. उन्हं तिच्या टाचांपर्यंत आली होती. मागे उभ्या लोकांनी एकदम मोठा श्वास सोडला.

"ही तू रोज कशी गं नेतेस?" साबणवाली म्हणाली. "पडली तर अख्खं गाव माझ्या नावानं खडे फोडेल, म्हणून एकेक पाऊल मोजून टाकत आले बघ. चार पावलांना एवढा वेळ लागला." मग तिनं पुढे वाकून कानात सांगितलं, "आता तुला दिवस आहे, तर ऐक. ज्या घरी पेटी येते, त्यांनी आपल्यासाठी ठेवलेलं काढून घ्यायचं आणि पुढच्या घरासाठी आपलं काहीतरी ठेवायचं. दुसऱ्या कुणाच्या नावाचं असेल तर त्याला हात लावायचा नाही, ते त्याच्या दारापर्यंत जाऊ द्यायचं. जा, उघड."

म्हणजे एवढंच होतं होय! शेजाऱ्यानं शेजाऱ्यासाठी ठेवलेली वस्तू. आल्याचा वास, चामड्याचा वास, गडगडणाऱ्या गोट्या, सगळं तिच्या डोक्यात एका झटक्यात जागच्या जागी बसलं, आणि तिला जराशी निराशाही वाटली. पण टकटक?

ती आत चुलीपाशी बसली आणि आयुष्यात पहिल्यांदा तिनं ती गाठ सोडली.

वर एक साबणाची वडी होती, ताजी, फडक्यात गुंडाळलेली. ती तिनं बाजूला ठेवली. खाली पेटीच्या तळाशी एक कडी होती. लोखंडी, दाराची कडी. इतकी जुनी, तरी गंजाचा एक ठिपका नाही. घराघरातून हातांनी पुसून, तेल लावून ती काळी चकचकीत झालेली. आणि तिच्या कोयंड्याला एक चिंधी बांधलेली होती. रंग पार उडाला होता, तरी ती पिवळी होती हे तिला कुणी सांगायची गरज नव्हती.

उद्यामावशी कडीकडे बघत राहिली. तिला त्या सकाळचे धारकाका दिसले. तिचा एवढासा झालेला चेहरा बघून पेटी घेऊन आत गेलेले. त्याच दिवशी त्यांनी स्वतःच्या दाराची कडी काढून पेटीत ठेवली होती आणि तिच्या रुमालाची चिंधी खूण म्हणून बांधली होती. त्यानंतर अख्खं गाव, वर्षामागून वर्ष, एकेका दिवशी ती कडी बघत होतं, पुसत होतं आणि परत ठेवत होतं, कारण ती त्यांच्या नावाची नव्हती. आणि जिची होती, ती स्वतःच रोज ती वाहत होती, लाकूड जुनं आहे असं समजून.

ती मोठ्यानं रडली. दार उघडंच होतं, सगळ्यांना ऐकू गेलं, पण कुणी आत आलं नाही.

बऱ्याच वेळानं तिनं तोंड धुतलं, नव्या साबणानंच धुतलं, आणि कडी घेऊन बाहेर आली. सुतार पायरीवर बसला होता. हातोडी शेजारी ठेवलेली.

"जुनं लाकूड आहे, बोलणारच?" तिनं विचारलं.

"नियम होता, मावशी," सुतार म्हणाला आणि मान खाली घालून खिशातून खिळे काढले. त्यानं जुन्या भोकांवर कडी धरली. ती तंतोतंत बसली.

मास्तरांच्या धाकट्या नातीनं त्या दिवशी त्या घरातलं पाणी पहिल्यांदाच उद्यामावशीच्या हातून प्यायलं. डोक्यावर हात ठेवताना काय बोलायचं ते मावशीला सुचलं नाही. मग तिच्या लक्षात आलं, की धारकाकांनाही सुचत नसावं.

दुसऱ्या दिवशी पहाटे, पाखरांच्याही आधी, उद्यामावशी उठली. पेटीत काय ठेवायचं ते तिनं आदल्या दिवशीच ठरवलं होतं. दोरी बांधली, बाहेर आली, दार ओढलं आणि कडी लावली. मग उघडली आणि पुन्हा एकदा लावून पाहिली. चालताना पेटी टक करत नव्हती. इतक्या वर्षांची टकटक नाही म्हणून तिला चुकल्याचुकल्यासारखं झालं.

काचवाल्यानं दार उघडलं. पेटी हातात घेतल्या घेतल्या त्यानं ती कानाशी नेऊन हलवली, आणि त्याच्या कपाळाला आठ्या पडल्या. आतून भलताच काहीतरी आवाज आला होता.

"मावशी, हे काय ठेवलंयस?"

उद्यामावशीनं पदर सावरला. "ते सांगायचं नसतं," ती म्हणाली आणि परत निघाली.